कापसाच्या दोन काड्या

मास्तरांचं नाव आडनावासकट तिच्या कानात शिरलं तेव्हा ती चर्चच्या रंगवलेल्या छताखाली मान वर करून उभी होती, आणि मान वर करून उभं असताना माणसाला धड दचकताही येत नाही. कानात अडकवलेल्या बोंडाएवढ्या यंत्रातून गाईड मुलगी हलक्या आवाजात बोलत होती, एकेकाला गाठून गुपित सांगावं तशी. "आता मातेच्या डोळ्यांकडे बघा. डोळे आहेत, बुबुळं नाहीत. कित्येक वर्षं लोकांनी इथे बुबुळं पाहिली, कारण नंतरच्या कुणीतरी ती वरून रंगवून ठेवली होती. ती काढून टाकायचं धाडस एका माणसाने केलं." आणि मग ते नाव. मग क्षणभर थांबून, "त्यांनी ओळखलं, की मूळ चित्रकाराची माता कुणाकडेच पाहत नाही. मांडीवर मेलेलं मूल असताना कुठली आई पाहील?" नऊ जणांच्या घोळक्यात कुणीतरी चक्क नाक ओढलं. नव्याने लग्न झालेल्या जोडप्यातली मुलगी असावी. तिला आल्यापासून रडायला निमित्त हवंच होतं.  मास्तरांच्या बायकोचा अंगठा मात्र कोटाच्या खिशातल्या पत्र्याच्या डबीवर गेला आणि तिथेच बसून राहिला.

फेरीचं तिकीट लेकीने काढलं होतं. पहाटेची खास फेरी, दारं सगळ्यांसाठी उघडण्याआधीची, नऊच माणसं, पाऊण तास. तिकीट खरं तर वडिलांसाठी होतं. पण वडील दोन वर्षं पलंगावर, त्यांना न्हाणीघरापर्यंत नेतानाच दोघांचा घाम निघतो. मग मास्तर म्हणाले, माझ्याऐवजी तू जा. आदल्या संध्याकाळी तीनदा म्हणाले. "नाव घेतात का बघ. आणि कसं घेतात ते बघ. नुसतं घेतात, की थांबून घेतात?" ती म्हणाली, नावात काय थांबायचंय? त्यावर ते रागावून भिंतीकडे वळले. लेक फोनवर म्हणाली होती, "जा गं आई. तुझ्या चुकीचंसुद्धा बाबांनी सोनं केलं, ते एकदा डोळ्यांनी बघून तरी ये." लेकीच्या मनात वाईट काही नव्हतं. घरात जे ऐकत वाढली तेच ती बोलत होती, आणि त्या घरात कुणाच्या शर्टाचा रंग धुण्यात गेला, टेबलावरची शाई पसरली, की एकच विनोद व्हायचा: आईच्या हातात ओलं फडकं देऊ नका. हा विनोद मास्तरांनी काढला होता. पाहुण्यांसमोर ते तो जरा रंगवून सांगत, पाहुणे हसत, आणि ती पण हसे, कारण हसलं नाही तर पाहुणे ओशाळतात.

पहाटे निघताना तिने त्यांना गोळी दिली, हाताशी घंटी ठेवली, शेजारणीला सातला डोकावायला सांगितलं होतं त्याची आठवण म्हणून दाराला चिठ्ठी लावली. मग शिवणाच्या खणातून, बटणांच्या खाली हात घालून, डबी काढली. का काढली ते तिने स्वतःला विचारलं नाही. रस्त्यावर दिवे अजून जळत होते, पावाच्या दुकानाचं फाटक अर्धं वर होतं आणि आतून भट्टीचा उबारा पायांवर येत होता. बाजूच्या दाराशी पहारेकऱ्याने खिसे रिकामे करायला लावले आणि नेमकी डबी उचलून कानाशी हलवली. "यात काय?" "कापूस," ती म्हणाली. "औषधाचा?" "हो." त्याने उघडून पाहिलं, नाक मुरडलं, आणि परत दिली. एकतीस वर्षांत ती डबी उघडणारा तो पहिला माणूस, आणि त्याला जांभई आली.

दार तेच होतं. मास्तरांच्या हाताखाली छत साफ करणारी माणसं याच दाराने आत जात, याच वेळी, कारण पहाटे हवेतला ओलावा सारखा राहतो आणि भिंत शांत असते. भिंत शांत असते हा मास्तरांचा शब्द. तेव्हा आत शिरलं की चुन्याचा आणि सरसाचा वास यायचा, आता फरशीच्या पॉलिशचा आला. डावीकडच्या जिन्याला जाड दोरी लावली होती. त्या जिन्याने वर गेलं की परांची, परांचीवर फळ्या, फळ्यांवर उताणं झोपायचं आणि नाकापासून वीतभर अंतरावरचं छत दिवसाला एक वीत, कधी अर्धी, साफ करायचं. शेकडो वर्षांची मेणबत्त्यांची काजळी. पाणी लावलं तर फार, औषध लावलं तर त्याहून फार. म्हणून कापसाची काडी तोंडात धरून ओली करायची आणि हलकेच फिरवायची. थुंकीने. नव्या माणसाला शिसारी यायची, दुसऱ्या आठवड्यात कुणाच्या ध्यानातही राहायचं नाही. छतावरचे निम्मे संत बारा माणसांच्या थुंकीने उजळले होते, आणि खाली उभं राहून लोक त्यांच्याकडे बघत डोळे मिटत. हे आठवून ती तेव्हा फळीवर पडल्यापडल्या एकटीच हसायची. तिशीची होती. मास्तरांशी लग्न होऊन दोन वर्षं झाली होती, आणि ती त्यांना घरीसुद्धा मास्तरच म्हणायची, कारण दुसरं काही म्हणायला जीभ वळत नसे.

"काकू, जरा या बाजूला येता? तिथून मान दुखेल," गाईड मुलगी म्हणाली. ती सरकली. इथून खालून चेहरा छोटा दिसतो. तिने तो कधी खालून नीट पाहिलाच नव्हता. तिच्या ओळखीचा चेहरा मोठा होता, तिच्या स्वतःच्या चेहऱ्याच्या चौपट, आणि त्याच्या गालावर ती आपला श्वास परत येताना अनुभवायची. ओल्या गिलाव्यावर लावलेला रंग भिंतीत मुरतो, त्याला काही होत नाही. पण चित्रकार शेवटचा हात भिंत वाळल्यावर देतो, रंगात सरस कालवून. ते कोरड्यावरचं काम. त्याला ओला कापूस लागला की संपलं. हे शिकवलं मास्तरांनीच, पहिल्या दिवशी, सगळ्यांना. आणि तपासलं तिनेच. मातेच्या डोळ्याच्या कोपऱ्यात, कुणाला दिसणार नाही एवढ्या जागी, तिने काडीचं टोक टेकवलं होतं, ते तपकिरी होऊन आलं, आणि तिने रोजवहीत त्या दिवसाच्या पानावर लाल शाईने लिहिलं होतं: डोळे कोरड्यावरचे. हात लावू नये. खाली मास्तरांची सही. ते अक्षर तिला अजून दिसतं. लाल शाईचा टाक जरा पसरत होता, "नये"तला "ये" फुगला होता.

त्यानंतर नवव्या दिवशी पाहुणे यायचे होते. समितीतले आणि देणगीदार, मिळून आठ-नऊ जण, सकाळी आठला, परांचीवर चढून मातेचा उजळलेला चेहरा जवळून बघायला. चेहरा खरंच उजळला होता, आणि म्हणूनच डोळ्यांवरची काजळी आता जास्त दिसत होती. मास्तर साडेसहाला वर आले. तिच्या हातात दिवा होता. ते बराच वेळ बघत राहिले आणि म्हणाले, "खड्ड्यांसारखे दिसतायत." ती म्हणाली, राहू द्या, त्यांना सांगू, ते काम वेगळं करायचं आहे. ते म्हणाले, "सांगू काय? आठ माणसं जिने चढून धापा टाकत येणार, आणि मी त्यांना शिकवणी देणार?" आणि त्यांनी काडी तोंडात घातली. "मास्तर, कोरडं आहे ते." "मला शिकवतेस?" हे ते हसून म्हणाले. तिने पुढे काही केलं नाही. दिवा जरा जवळ नेला, म्हणजे त्यांना नीट दिसावं. काडी तीन वेळा फिरली. डाव्या डोळ्यातलं बुबुळ आधी पुसट झालं, मग सरकलं, मग कापसावर आलं. मास्तर भिंतीकडे नाही, कापसाकडे बघत होते.

इथपर्यंतचं ती स्वतःला पुष्कळदा सांगत आली होती. भांडी घासताना, झोप येत नसताना, लेकीची वेणी घालताना सुद्धा. यापुढचं ती सांगत नसे. यापुढे मास्तर म्हणाले, "एकच राहिला तर वेडी दिसेल." आणि नवी काडी तिच्यापुढे धरली. "माझा हात थरथरतोय. उजवा तू घे." तिने दिवा फळीवर ठेवला, काडी घेतली, तोंडात ओली केली. तिचा हात थरथरला नाही. उलट इतकं सफाईदार काम तिने त्या छतावर दुसरं केलं नव्हतं. कड न कड साफ, पांढऱ्यावर ओरखडासुद्धा नाही. ते बुबुळ जाता जाता तिच्याकडे पाहत होतं. दोन्ही काड्या तिने खिशातल्या गोळ्यांच्या डबीत टाकल्या, कारण खाली टाकल्या असत्या तर कुणाला तरी सापडल्या असत्या. त्यात प्रेम वगैरे नव्हतं, आठवण वगैरे नव्हती, भीती होती.

पाहुण्यांना काही कळलं नाही, त्यांनी वा वा केलं. कळलं तीन आठवड्यांनी, कुणीतरी जुने फोटो शेजारी ठेवले तेव्हा. जिन्याच्या वळणावर, जिथे आता दोरी आहे, मास्तरांनी तिचा दंड धरला. "तू घे अंगावर. तू हाताखालची, तुला रागावतील, काढतील, संपलं. मला काढलं तर छत अर्धं राहील. बारा माणसं आहेत आपली." आपली म्हणाले. त्या शब्दाने ती विकली गेली, असं तिला आता वाटतं. तेव्हा वाटलं होतं की इतकं कुणी कधी आपल्यावर टेकलंच नव्हतं. रोजवहीतलं लाल शाईचं पान मास्तरांनी फाडलं आणि तिने ते नव्याने लिहिलं, निळ्या शाईने, त्या ओळीशिवाय. समितीसमोर तिने सांगितलं, माझं लक्ष नव्हतं. चष्मेवाले एक सद्गृहस्थ हळहळून म्हणाले, इतकी मोठी गोष्ट, आणि लक्ष नव्हतं? मास्तर खाली मान घालून बसले होते, बायकोची लाज वाटणाऱ्या माणसासारखे. त्यांना ते छान जमलं. यादीतून तिचं नाव गेलं आणि तिला त्या धंद्यात पुन्हा कुणी उभं केलं नाही. एका शाळेत ती चित्रकला शिकवायला लागली, निवृत्त होईपर्यंत शिकवत राहिली, आणि पोरं तिला खोडरबर बाई म्हणायची, कारण तिच्या वर्गात खोडरबर आणायची बंदी होती.

मग बारा वर्षांपूर्वी वारं फिरलं. कुणा विद्वानाने पुस्तक लिहिलं, की बुबुळांशिवायचे डोळे हीच त्या छताची खरी थोरवी. लोक रांगा लावून ते डोळे बघायला यायला लागले. घरी एक पत्रकार आला. ती चहाचा ट्रे घेऊन दारात पोचली तेव्हा मास्तर म्हणत होते, "तो निर्णय माझा होता. सोपा नव्हता." ती ट्रे धरून उभी राहिली. तिला वाटलं, आता हे आपल्याकडे बघतील. डोळा चुकवतील, किंवा चुकवणार नाहीत, पण काहीतरी होईल. मास्तरांनी तिच्याकडे पाहिलं, मनमोकळं पाहिलं, आणि म्हणाले, "अगं, बिस्किटं?" खापर फुटलं तेव्हा डोकं तिचं होतं, हार आला तेव्हा गळा त्यांचा निघाला. यावर भांडायला तरी काय होतं? ती बिस्किटं आणायला गेली.

"काही प्रश्न?" गाईड मुलीने विचारलं. मघापासून सगळं आधीच ठाऊक असलेल्या एका उंच गृहस्थाने रंगांबद्दल काहीतरी विचारलं, म्हणजे सांगितलं. मग तिला आपलाच आवाज ऐकू आला. "ती बुबुळं नंतरची होती, हे कशावरून?"

"तज्ज्ञांचं तसं मत आहे काकू."

"ती पिंगट होती. डाव्यात वरच्या बाजूला पांढरा ठिपका होता, मोहरीएवढा. उजव्यात नव्हता."

सगळे तिच्याकडे वळले. जोडप्यातल्या मुलीने तोंडावर हात नेला. "तुम्ही पाहिलीत?" गाईड मुलगी म्हणाली. "जुने फोटो पाहिले असतील ना?"

"आणि ती दुःखी नव्हती," मास्तरांची बायको म्हणाली. गेल्या कित्येक वर्षांत तिने कुणाला सलग इतकं सांगितलं नव्हतं. "मुलाकडे नव्हती बघत ती. खाली बघत होती, आपण उभे आहोत तिथे. रागाने. इतक्या रागाने, की तिच्याजवळ काम करताना आम्ही बोलायचो नाही."

आम्ही म्हटलं होतं तिने. कुणीतरी विचारावं, आम्ही म्हणजे कोण, असं तिला फार वाटलं. खिशात अंगठ्याने डबीचं झाकण उचकटलं होतं आणि बोटाला दोन काड्या लागत होत्या, वाळून खडखडीत झालेल्या. काढायच्या, तळहातावर ठेवायच्या, म्हणायचं, हे घ्या डोळे. पण कुठली काडी कुणाची, हे आता तिलाही सांगता येत नव्हतं. दोन्ही सारख्याच तपकिरी. एक पुढे करायची तर ती त्यांचीच निघेल याचा काय भरवसा? आणि दोन्ही पुढे केल्या, तर दुसरीचं काय सांगायचं? हात थरथरला नाही, हे सांगायचं?

"किती सुंदर बोललात!" गाईड मुलगी म्हणाली. तिचे डोळे खरोखर चमकत होते, मुलगी मनाची चांगली होती. "पुढच्या फेरीत सांगू का मी हे? काही जणांना या नजरेत रागसुद्धा दिसतो, असं?"

"नजर नाहीये तिला," ती म्हणाली.

"तेच तर!" गाईड मुलगी म्हणाली. उंच गृहस्थाने घड्याळ बघितलं, पंधराच मिनिटं राहिली होती, आणि घोळका वेदीच्या मागच्या संतांकडे सरकला. कानात ती मुलगी बोलतच राहिली. मास्तरांच्या बायकोने यंत्र कानातून काढलं तेव्हा ते मुठीत बारीक किरकिर करत राहिलं. मान दुखेपर्यंत ती वर बघत होती. तिला रडू आलं नाही, राग आला. आणि राग आला म्हणजे तो दाखवायला चेहरा लागतो, तो आपल्याला आता जमत नाही, हे तिच्या लक्षात आलं. दारं उघडली, बाहेरची गर्दी आत आली, पहारेकऱ्याने तिला हातानेच बाजूला केलं.

घरी पोचली तेव्हा शेजारीण येऊन गेली होती, पलंगाशेजारी अर्धा प्यालेला चहा होता. मास्तर उशीवर उंच होऊन, दाराकडे तोंड करून वाट बघत होते. दाढी खुरटी वाढलेली, पण शेजारणीकडून केस विंचरून घेतले होते. काही बातमी यायची असली की ते केस विंचरतात.

"आलीस? घेतलं?"

"काय?"

"नाव गं."

कोट काढायला तिने पुष्कळ वेळ लावला. येताना वाटेत तिने काही ठरवलं नव्हतं. "नाही," ती म्हणाली.

"नाही? मग लेक तर म्हणाली..."

"तिला काय ठाऊक. त्या गाईड मुलीने कुणाचंच नाव घेतलं नाही."

त्यांचा चेहरा उतरला. खालचा ओठ लहान मुलासारखा पुढे आला, आणि तिला बरं वाटलं. इतकं बरं वाटलं, की तिने खुर्ची ओढली आणि त्यांच्या समोर नीट बसली. "डोळ्यांबद्दल तरी बोलली असेल," ते म्हणाले.

"बोलली. म्हणाली, आधी बुबुळं होती. पिंगट. साफ करताना कुणाच्या तरी हातून गेली. कोरड्यावरचं काम होतं, ओला कापूस लावायचा नसतो, एवढं साधं त्या माणसाला कळलं नाही म्हणे." एकेक शब्द ती जपून ठेवत गेली. एकतीस वर्षांत या खोलीत पहिल्यांदा हे बोललं गेलं होतं, आणि खोटं म्हणून बोललं गेलं होतं.

 मास्तरांचा पांघरुणावरचा हात दोनदा उघडला, मिटला. ती त्या हाताकडे बघत राहिली. आता, तिला वाटलं. आता येईल. माफी नको होती तिला, ती वेळ गेली. नुसतं त्यांनी एकदा दचकावं, एवढंच हवं होतं. एका माणसाला ठाऊक आहे, एवढं कळलं तरी चाललं असतं. मग तो हात हळूहळू पांघरुणावरून सरकत आला आणि तिच्या मनगटावर पडला. थोपटायला लागला.

"मनाला लावून घेऊ नकोस," मास्तर म्हणाले. "झाली इतकी वर्षं. माणसाच्या हातून होतं. तुझं नाव तर नाही ना घेतलं तिने?"

तिने त्यांच्या डोळ्यांत पाहिलं. त्यांचं खोटं तिला ओळखू येतं. खोटं बोलताना ते उजव्या भुवईला ताण देतात, पत्रकारासमोर दिला होता, समितीसमोर दिला होता. भुवई सैल होती. डोळ्यांत पाणी होतं, आणि ते तिच्यासाठी होतं. त्यांना तिची दया येत होती. त्यांना खरंच आठवत नव्हतं. आत कुठे काही उरलंच नव्हतं, कड न कड साफ.

"नाही," ती म्हणाली. "माझंही नाही घेतलं."

"मग झालं तर."

तिने डबी काढली. झाकण उघडून ती त्यांच्या उशाशी, चहाच्या कपाशेजारी ठेवली आणि हात मांडीवर घेऊन बसली. मास्तरांनी मान वळवून आत पाहिलं. दोन काड्या, टोकाला मळकट कापूस. त्यांच्या कपाळाला आठी पडली, ती बघत होती; आठी पडली, आणि सुटली. "आज रविवार का?" ते म्हणाले, आणि दर रविवारी कान साफ करून घेताना करतात तसा डोळे मिटून, मान कलती करून, कान तिच्यापुढे धरला.

कानाच्या पाळीवर पांढरे केस वाढले होते. ती किती वेळ तशीच बसून होती कुणास ठाऊक. खाली रस्त्यावर कुणीतरी गाडी मागे घेत होतं, आणि ते घेऊन झालं. मग तिने डबीचं झाकण लावलं, ती खिशात टाकली, न्हाणीघरातून नवी, पांढरी काडी आणली.

"हलू नका," ती म्हणाली, आणि दिवा जरा जवळ घेतला.